मुलीला जूनपासून घरीच शिकवायचं म्हणतेय, सोबत दोन मैत्रिणी आहेत, गावात राहून कोणी केलंय का?

आर्वीकडची_आई

नमस्कार सगळ्यांना. आम्ही आर्वी तालुक्यात राहतो, कपाशी-तुरीची शेती आहे, घरी सासूबाई, हे, मी अन् दोन लेकरं. मोठी आठ वर्षांची, लहान्याला आत्ता तिसरं लागलं. मोठीला तालुक्याच्या कान्व्हेंटमध्ये टाकलं होतं, सकाळी पावणेसातला व्हॅन यायची अन् दुपारी लेकरू घरी आलं की जेवता जेवता झोपायचं. इंग्रजीतली कविता धडाधड म्हणते पण याचा अर्थ काय विचारलं की माझ्या तोंडाकडे बघते. यावर्षी तर वर्गात बोलणंच बंद केलं तिनं, बाईंनी सगळ्यांसमोर उभं करून हसं केलं तेव्हापासून. घरी मात्र आजीजवळ बसली की तोंड थांबत नाही. हे काही मला बघवत नाही.

माझं बीए झालंय. घराला लागून एक मैत्रीण आहे तिचं डीएड झालंय, भरतीची वाट बघून बघून थकली बिचारी, अन् दुसरी शिवणकाम करते, दहावीपर्यंतच शिकली पण बचत गटाचा सगळा हिशोब तीच ठेवते, एक पैसा इकडचा तिकडे होत नाही. तिघींची मिळून पाच लेकरं. आम्ही असं बोललो की एकीनं भाषा घ्यायची, एकीनं गणित, अन् जिची पाळी नाही तिनं लहान लेकरं सांभाळायची. या दोघी नसत्या तर मी हा विचारच केला नसता खरं सांगते.

पण भीती वाटते. कायद्यानं चालतं का हे? पुढं दहावी कशी द्यायची? दाखल्याचं काय? अन् सासूबाईंचं एकच चालू आहे, पोरीला शाळेतून काढलं तर लोक म्हणतील फी भरायला पैसे नव्हते. कोणी करत असेल तर सांगा प्लीज.

निवृत्त_गुरुजी_यवतमाळ

ताई, मी झेडपीच्या शाळेत नोकरी करून रिटायर झालो, म्हणून आधी कागदाचं सांगतो. शिक्षण हक्क कायदा २००९ चा, लागू झाला १ एप्रिल २०१० पासून. त्यात सहा ते चौदा वर्षाच्या लेकराला शाळेत घालणं हे पालकाचं कर्तव्य म्हटलंय, कलम १०. न घातलं तर पालकाला शिक्षा असं कुठंच लिहिलेलं नाही, पण घरी शिकवण्याला वेगळी मान्यताही दिलेली नाही. म्हणजे पोलीस दारात येणार नाहीत, पण शाळाबाह्य मुलांचा सर्व्हे होतो तेव्हा तुमच्या पोरीचं नाव त्यात येणार अन् गावातले गुरुजी तुम्हाला समजवायला येणार. त्यांच्यावर चिडू नका, त्यांचं ते कामच आहे.

नाव शाळेत ठेवायचं अन् लेकरू घरी ठेवायचं असं काही जण सुचवतील. ते करू नका. हजेरीचा खोटेपणा त्या मास्तरच्या अंगावर येतो.

दहावीचे दोन रस्ते आहेत. एक एनआयओएस, केंद्राचं मुक्त विद्यालय, दहावीला १४ वर्षं पूर्ण लागतात, मराठी माध्यम आहे, परीक्षा वर्षातून दोनदा होते. त्याच्या आधी त्यांच्या ए, बी, सी अशा पातळ्या आहेत, तिसरी, पाचवी, आठवीच्या बरोबरीच्या. दुसरा आपल्या राज्य बोर्डाचा १७ नंबरचा फॉर्म, खाजगी विद्यार्थी म्हणून. त्याला आधीच्या शाळेचा दाखला लागतो म्हणून कान्व्हेंटमधून टीसी आत्ताच हातात घ्या, त्यावर जन्मतारीख अन् जात नीट तपासा, अक्षराची चूक असली तर तिथंच दुरुस्त करून घ्या. पुढं जातीच्या दाखल्यासाठी आजोबाची कोतवाल बुकाची, म्हणजे गावच्या जुन्या जन्म-मृत्यू नोंदवहीची, नक्कल शोधत फिरणारे लोक मी लय पाहिले.

एक तोटाही ऐकून ठेवा. नवोदयच्या, म्हणजे केंद्राच्या निवासी शाळेच्या, सहावीच्या प्रवेश परीक्षेला तिसरी, चौथी, पाचवी मान्यतेच्या शाळेत केलेली असावी लागते. पोरीला तिकडं पाठवायचं मनात असेल तर आत्ताच विचार करा. अन् नाहीच जमलं घरी तर घाबरायचं नाही, कलम ४ प्रमाणे वयाच्या हिशोबानं त्या त्या वर्गात प्रवेश द्यावाच लागतो.

संत्रा_काटोल

ताई तुझं वाचून लगेच लिहायला बसले. आम्ही करतो हे, माझा मुलगा अन् जावेची मुलगी, अन् गल्लीतली एक मैत्रीण तिच्या पोरासोबत येते. गुरुजींनी कागदाचं सांगितलं, मी दिवसाचं सांगते.

शाळा घरी भरवायला जाऊ नको. आम्ही सुरुवातीला घंटा, तास, गृहपाठ सगळं केलं अन् लेकरं वैतागली, आम्ही पण. आता सकाळी दोन तास पुस्तक, बस. बालभारतीची पुस्तकं त्यांच्या साइटवर फुकट डाऊनलोड होतात पण छापील घे, मोबाईल हातात आला की धडा राहतो बाजूला. बाकी शिकणं दिवसभर चालूच असतं. परवाचंच बघ, खत आणलं तर माझा मुलगा युरियाच्या गोणीवरचं वाचत बसला, ४५ किलो अन् ४६ टक्के नत्र. मग विचारतो, आई म्हणजे गोणीत नत्र किती किलो? टक्के त्याला शिकवलेच नव्हते. मैत्रिणीनं १०० किलोतलं ४६ किलो इथून सुरू केलं, मग ५० किलोतलं, अन् लेकरू २० किलो ७०० ग्रॅमवर येऊन थांबलं. अर्धी दुपार गेली त्यात. ती बसली म्हणून झालं हे, माझ्या तर चुलीवर भाजी होती.

म्हणून सांगते, मैत्रिणी आहेत हीच तुझी खरी तयारी आहे. आईला एकटीला हे झेपत नाही गं. स्वयंपाक, धुणं, ढोरं, त्यात निंदनाचे दिवस आले की बाईच्या अंगात त्राण राहत नाही, अन् तेव्हाच लेकरू म्हणते मला हे समजलं नाही, की निघालाच आवाज चढून. आमच्यात ठरलंय, जिचा आवाज चढला तिनं उठायचं, दुसरीनं बसायचं, अन् यावर नंतर कोणी कोणाला बोलायचं नाही. अन् पाळी काटेकोर धरू नका. वेचणीच्या दिवसात एखादी महिनाभर येणारच नाही, ते गृहीत धरा नाहीतर मनं दुखतात. तुमची डीएडवाली मैत्रीण उद्या भरतीत लागली तर आनंदानं पाठवा तिला, पण तोवर तिच्याकडून शिकवायचं कसं ते शिकून घ्या दोघी. आणि तिला काहीतरी द्या, पैसे नाही जमले तर दूध, तूर, काहीही. फुकटात घेतलेलं पुढं जड जातं दोघींनाही.

वऱ्हाडी_काकू

माय, मी जास्त शिकेल नाई पण एक सांगतो. पोरगी पाचवीत गेली का एसटीचा पास फुकट भेटते, अहिल्याबाई होळकर योजना हाय, अन् कित्येक तालुक्यात मानव विकास योजनेची निळी गाडी फक्त पोरींसाठी येते. म्हणजे शाळेचा रस्ता बंद झाला असं समजू नको. दोन-तीन वर्सं घरी राहू दे, तिच्या जिवाले बरं वाटू दे, मंग तिले इचार. गावची झेडपी पण एकदा जाऊन पाय, काहून का आमच्या इकडं मास्तर इतके चांगले आले का कान्व्हेंटची पोट्टे परत येऊन रायले. सासूले काही समजावत बसू नको. पोरीले आजीजवळ बसवून तिच्याकडून जात्यावरच्या ओव्या वहीत लिहून घ्यायले लाव. सासू आपोआप तुह्या बाजूनं व्हते. लोकाईले कारण लागते बोलाले, आज फी तं उद्या आणखीन काही.

मास्तरीण_वर्धा

वर्ध्यातच आहात तर एकदा सेवाग्रामला जाऊन या, तिघी मिळून, लेकरं घेऊन. गांधीजींनी नई तालीम मांडली ती वर्ध्याच्या १९३७ च्या परिषदेत, हातानं काम करता करता अन् आपल्या भाषेत शिकायचं. तिथं आनंद निकेतन शाळा आहे, मराठी माध्यमाची, लेकरं शेतीत काम करतात, सूत काततात अन् त्यातून गणित-विज्ञान करतात. आधी विचारून जा. घरी काय करता येईल ते तिथं डोळ्यांनी दिसेल, नुसतं वाचून नाही कळत.

आणखी एक, तुमची मुलगी वर्गात बोलत नाही अन् घरी बोलते, तर पहिले काही महिने तिला वाचून दाखव म्हणू नका. तुम्ही वाचा, तिला ऐकू द्या. वऱ्हाडीत बोलली तर बोलू द्या, पुस्तकी मराठीत सुधारत बसू नका मध्येच. आपल्याकडे शाळा तशाही जूनच्या शेवटी उघडतात, त्यामुळे अजून वेळ आहे, उन्हाळा आजीच्या गोष्टीतच जाऊ द्या.

आर्वीकडची_आई

सगळ्यांचे खूप आभार, दोघींना वाचून दाखवलं हे, शिवणकामवाली तर रडलीच, म्हणते मला कोणी शिकवायच्या लायक समजेल असं वाटलं नव्हतं. गुरुजी, टीसी सोमवारी आणायला जाते, जन्मतारीख बघूनच सही करीन. काकू, ओव्यांचं लगेच सुरू केलं, सासूबाईंनी आज स्वतःहून वही मागितली. गावच्या झेडपीत पण जाऊन येते मास्तरांशी बोलायला, लपूनछपून काही करायचं नाही असं ठरलंय आमचं. काटोलच्या ताई, एक विचारायचं राहिलं, लहान्याचं काय करता तुम्ही? हा पाटीच खेचून नेतो.

संत्रा_काटोल

त्याला पण पाटी दे, वेगळी. अन् परातीत तांदूळ टाकून दे, बोटानं रेघोट्या ओढत बसतो अर्धा तास. सांडतात, पण कोंबड्या वेचतात. अन् मोठीसाठी तिसरीच्या पुस्तकांचा पूर्ण सेट माझ्याकडे आहे, विकत घेऊ नको. आमचे हे कामानं वर्ध्याला येतात अधूनमधून, मेसेज कर, कुठं ठेवायची ते ठरवू.