पुतण्याला अमेरिकन फुटबॉलचा लाईनमन व्हायचंय. हे करिअर नेमकं असतं कसं?

उदगीरचा काका:
रामराम मंडळी. माझा पुतण्या एकोणीस वर्षांचा आहे. उंची सव्वासहा फूट, वजन सव्वाशेच्या आसपास. इथंच उदगीरला तालमीत असतो, आसपासच्या जत्रांत कुस्त्या मारल्यात, आता जिल्हा निवड चाचणीची तयारी चालू आहे. तालमीतल्या कुणीतरी मोबाईलवर अमेरिकन फुटबॉल दाखवला, तेव्हापासून डोक्यात एकच. चेंडूपुढं ते पाचजण वाकून उभे असतात ना, ऑफेन्सिव्ह लाईनमन, तेच व्हायचं म्हणायलाय. आमच्या भावाचं घर सोयाबीन-तुरीवर चालतंय, पोराच्या खुराकाचाच खर्च जड जातो. मला त्याला हिणवायचं नाही आणि खोटी आशाही लावायची नाही. हे काम काय असतं, पैसा किती, किती वर्षं टिकतं, इकडून तिकडं जायची काही वाट आहे का? माहितगारांनी सांगावं.

औसेकर:
काका, मी मूळ औसा तालुक्यातला, बरीच वर्षं बॉस्टनजवळ राहतो. मुलगा शाळेच्या संघात लेफ्ट गार्ड खेळतो. त्यामुळे मॅच बघताना माझी नजर चेंडूवर नसतेच, त्या पाचजणांवर असते.

मधला सेंटर. तो दोन पायांतून चेंडू मागे क्वार्टरबॅककडे, म्हणजे चेंडू फेकून डाव चालवणाऱ्याकडे, देतो. त्याच्या दोन्ही अंगांना गार्ड आणि कडेला टॅकल. क्वार्टरबॅक उजव्या हाताने फेकणारा असेल तर डाव्या बाजूने कोण येतंय ते त्याला दिसत नाही, म्हणून लेफ्ट टॅकल सगळ्यात भरवशाचा लागतो आणि त्याला पैसाही भारी मिळतो. समोरून सव्वाशे-दीडशे किलोचा गडी सुटतो, त्याला अडीच-तीन सेकंद थोपवायचं. एका मॅचमध्ये असं साठ-सत्तर वेळा. धावा, गोल असला कसलाच आकडा यांच्या नावावर लागत नाही. मैदानात नाव पुकारलं जातं ते बहुतेक वेळा चुकीसाठीच.

तुमचा पोरगा कुस्तीतला आहे म्हणून त्याला स्टीफन नील दाखवा. 1999 मध्ये अमेरिकेच्या कॉलेज कुस्तीच्या फायनलला त्याने ब्रॉक लेस्नरला हरवलं, हो, तोच डब्ल्यूडब्ल्यूईवाला. त्याच वर्षी फ्रीस्टाईलचा जगज्जेताही झाला. कॉलेजात फुटबॉल खेळलाच नव्हता. 2001 मध्ये आमच्या इथल्या न्यू इंग्लंड पेट्रियट्सनी घेतलं, काढलं, मग तो फिलाडेल्फियाच्या सराव संघात गेला, तिथून पुन्हा इथे आला. 2002 मध्ये पहिल्यांदा सुरुवातीपासून उतरला आणि त्याच मॅचमध्ये खांदा गेला. संघात पक्की जागा मिळाली 2004 मध्ये. 2010 च्या मोसमापर्यंत राईट गार्ड म्हणून खेळला. जगज्जेत्या मल्लालासुद्धा जागा मिळवायला एवढी वर्षं लागली, हे पोराला नीट सांगा.

मुलाच्या सरावाला मी जाळीपलीकडून बघतो. आपल्याकडे लहानपणापासून पुढे रेटायला शिकवतात. इथे क्वार्टरबॅकला राखताना मागे सरकत सरकत लढायचं असतं. मागचा पाय आधी टाकायचा, कंबर खाली, पाठ सरळ, दोन्ही तळवे खालून समोरच्याच्या छातीवर. पंजे बाहेर गेले आणि तो वळल्यावरही त्याची जर्सी मुठीत राहिली, की पंचाचं पिवळं फडकं पडतं, म्हणजे फाऊल, आणि संघ दहा यार्ड मागे. पैलवानाचा हात एकदा धरलं की सुटत नाही, आणि इथे तर वेळेवर सोडायचं असतं. ते अंगात मुरायला फार वेळ लागतो.

परभणीचा पैलवान:
काका, मी पोलीस दलाकडून कुस्ती खेळलो, आता रिटायर आहे. दोन्ही गुडघ्यांवर ऑपरेशन झालंय. पोराच्या अंगाचा विचार आधी करा. सव्वाशे किलो म्हणजे कुस्तीतला सगळ्यात वरचा गट, महाराष्ट्र केसरीचा गटही तिथंच संपतो. लातूर जिल्ह्यानं हरिश्चंद्र बिराजदारांसारखा रुस्तम-ए-हिंद दिलाय, काका पवारांसारखा ग्रीको-रोमनचा अर्जुन पुरस्कारवाला दिलाय. वाट मळलेली आहे. राज्याच्या नोकऱ्यांत खेळाडूंना पाच टक्के आरक्षण आहे, रेल्वे आहे, सैन्य आहे. हातची वाट सोडून सात समुद्रापार कशाला? आणि औसेकर, तुम्ही पैशाचं आणि डोक्याला बसणाऱ्या माराचं काहीच बोलला नाहीत.

औसेकर:
पैलवान, बरोबर विचारलंत.

आधी पैसा. एनएफएल म्हणजे इथली सगळ्यात वरची व्यावसायिक लीग. 2025 मध्ये तिथे नवख्या खेळाडूचा किमान पगार वर्षाला 8 लाख 40 हजार डॉलर होता. पण तो संघात टिकला तर. संघ 32, प्रत्येकात मुख्य खेळाडू 53, आणि बऱ्याच करारांतली सगळी रक्कम हमीची नसते. मोसमाआधी काढलं तर हातात फारसं काही राहत नाही.

वाटेचं म्हणाल तर जॉर्डन मायलाटा. सिडनीचा रग्बी लीग खेळणारा पोरगा, उंची सहा फूट आठ इंच. एनएफएलने 2017 मध्ये परदेशी खेळाडूंसाठी एक प्रशिक्षण योजना काढली, त्यातून तो फ्लोरिडात आला. 2018 च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे संघ फेरीफेरीने नवे खेळाडू निवडतात त्यात, शेवटच्या, सातव्या फेरीत फिलाडेल्फिया ईगल्सनी उचलला, तेव्हा तो या खेळाची एकही मॅच खेळलेला नव्हता. पहिले दोन मोसम मोसमाच्या अधिकृत मॅचमध्ये उतरलाच नाही. जेफ स्टाउटलँड नावाच्या प्रशिक्षकाने त्याला पायापासून घडवला. 2024 मध्ये तीन वर्षांचा 6 कोटी 60 लाख डॉलरचा नवा करार झाला, आणि फेब्रुवारी 2025 मध्ये ईगल्सनी सुपर बोल, म्हणजे लीगची फायनल, जिंकला तेव्हा लेफ्ट टॅकल तोच होता. पण या योजनेत येणारे बहुतेक आधीच कुठल्यातरी खेळात वरच्या पातळीवर पोचलेले असतात. तालमीतून थेट कुणी उचलत नाही.

टिकाऊपणात जो थॉमसचं नाव घेतात. क्लीव्हलँडचा लेफ्ट टॅकल, 2007 पासून सलग 10,363 स्नॅप, म्हणजे सेंटरने चेंडू मागे दिला की सुरू होणारे डाव, एकही न चुकवता खेळला, 2017 मध्ये दंडाचा स्नायू फाटला तेव्हा थांबला. अकरा मोसमांत संघ एकदाही प्लेऑफला गेला नाही, तरी हा माणूस रोज तेच काम तितक्याच निष्ठेने करत राहिला. मला या खेळात सगळ्यात जास्त आदर त्याचा वाटतो.

आणि डोक्याचा मार. माईक वेबस्टर, पिट्सबर्गचा सेंटर, चार सुपर बोल जिंकलेला. निवृत्तीनंतर मन थाऱ्यावर राहिलं नाही, कधीकधी गाडीत झोपायचा. 2002 मध्ये पन्नाशीत गेला. डॉ. बेनेट ओमालू यांनी त्याचा मेंदू तपासला, तेव्हा वारंवारच्या आघातांनी होणारा सीटीई हा आजार सापडला. लाईनमनला एकच मोठा दणका बसतो असं नाही, जवळजवळ प्रत्येक स्नॅपला डोकं थोडंथोडं आदळतं. मुलाला खेळायला पाठवताना मी आणि बायको यावर रात्र-रात्र बोललोय. अजूनही बोलतो. तुमच्या भावाला आणि वहिनींना हे आधी कळलंच पाहिजे.

नांदेडवाली:
2028 च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये फ्लॅग फुटबॉल आहे म्हणून कुणी आशा दाखवली तर भुलू नका. तो पाच-पाचजणांचा, धक्काबुक्की नसलेला खेळ आहे, त्यात असं अडवायचं कामच नसतं. सव्वाशे किलोच्या पोराला तिथं जागा नाही.

उदगीरचा काका:
सगळ्यांचे लई उपकार. पोराला बसवून सगळं वाचून दाखवलं. वेबस्टरचं ऐकून वहिनी उठून आत गेल्या, भाऊ काहीच बोलला नाही. ठरलं एवढंच की आधी निवड चाचणी द्यायची, कुस्ती सोडायची नाही. पोरगा मात्र नीलवरच अडकलाय, रोज तेच व्हिडिओ बघायलाय. औसेकर, तो मागं सरकायचा सराव करायलाय, त्याचा व्हिडिओ पाठवला तर बघाल का?

औसेकर:
बघीन की, नक्की पाठवा. फक्त समोरून काढू नका, बाजूने काढा आणि पाय पूर्ण दिसू द्या. मातीत नको, मॅटवर किंवा गवतावर करायला सांगा, मातीत पाय रुततो आणि सरकणं कळत नाही. समोर कुणालातरी उभं करा, पण डोक्याला डोकं अजिबात लावू देऊ नका.