गो-अराउंड आणि मिस्ड अप्रोच एकच का?

विमाननगरकर: काल गच्चीवरून बघत होतो, लोहगावला उतरणारं विमान चाकं काढून पार खाली आलं आणि एकदम नाक वर करून निघून गेलं. शेजारचे काका म्हणे इमर्जन्सी. ॲपवर कोणीतरी गो-अराउंड लिहिलंय, कोणी मिस्ड अप्रोच. नक्की काय?

ढगातला: इमर्जन्सी कसली, रोजचीच गोष्ट आहे. रनवेवर आधीचं विमान रेंगाळलं, वारा फिरला, स्पीड जास्त राहिला तर उतरायचं सोडून परत वर जायचं, हेच गो-अराउंड. साधारण नियम असा की ढगात १००० फुटांपर्यंत आणि स्वच्छ हवेत ५०० फुटांपर्यंत विमान नीट सेट नसेल तर ओढत न्यायचंच नाही. इंजिनांचा जोर वाढवायचा, नाक वर, फ्लॅप (पंखांच्या मागच्या हलत्या पट्ट्या) थोडे आत, आणि विमान खरंच चढतंय हे मीटरवर दिसलं की मगच चाकं आत. विमानतळाचा कंट्रोल टॉवरही वर जायला सांगतो पण पायलटला परवानगी वगैरे लागत नाही, आधी वर जायचं मग रेडिओवर बोलायचं.

रनवे_अठ्ठावीस: +१. गो-अराउंड ही कृती, मिस्ड अप्रोच म्हणजे त्यानंतर कुठल्या दिशेला, किती उंचीपर्यंत जायचं तो चार्टवर छापलेला मार्ग. बोलताना लोक दोन्ही सरमिसळ वापरतात, चालतं. टच अँड गो मात्र वेगळं हां, त्यात चाकं टेकवून परत उडतात, ते सरावासाठी.

विमाननगरकर: आणि पेट्रोल संपलं तर?

ढगातला: पेट्रोल नाही हो, एटीएफ, म्हणजे विमानाचं इंधन 😄 दुसऱ्या विमानतळापर्यंत पुरेल एवढं आणि वर ३० मिनिटांचं राखीव असतंच. काकांना सांगा.