एकाच मातीचे दोन अहवाल आणि स्फुरदाचे दोन आकडे

प्रश्न : मोसंबी बागायतदार, अंबड (जालना)
नमस्कार. माझी दोन एकर मोसंबीची बाग सात वर्षांची असून जमीन मध्यम काळी आहे. यंदा आंबे बहाराचा ताण देण्यापूर्वी (फुलोऱ्यासाठी पाणी तोडण्यापूर्वी) मी एकाच ढिगातील मातीचे दोन भाग करून ते दोन वेगवेगळ्या प्रयोगशाळांत दिले. सामू (पीएच) ८.२ आणि सेंद्रिय कर्ब ०.४२ टक्के हे दोन्हीकडे जुळले. परंतु उपलब्ध स्फुरद (फॉस्फरस) एका अहवालात हेक्टरी १४ किलो आणि दुसऱ्यात ३२ किलो आहे, तर पालाश (पोटॅश) अनुक्रमे ४१० आणि ४९४ किलो आहे. शिवाय लोह दोन्हीकडे पुरेसे दाखवले असूनही कोवळी पाने पिवळी पडतात आणि शिरा तेवढ्या हिरव्या राहतात. खताचा हिशेब कोणत्या अहवालावरून करावा?

उत्तर : निवृत्त प्रयोगशाळा सहायक
दोन्ही अहवाल बरोबर असावेत. १४ ला २.२९ ने गुणल्यास ३२ येतात आणि ४१० ला १.२०५ ने गुणल्यास ४९४ येतात. म्हणजे पहिल्या प्रयोगशाळेने मूलद्रव्य (P, K) मोजून लिहिले आहे आणि दुसरीने तेच ऑक्साइडच्या रूपात (P₂O₅, K₂O) मांडले आहे. खताच्या पिशवीवरील १०:२६:२६ मधील स्फुरद व पालाशाचे आकडेही ऑक्साइडचेच असतात. ऑल्सेन या माती परीक्षणाच्या पद्धतीने काढलेल्या स्फुरदासाठी १० ते २५ किलो हा मध्यम वर्ग मूलद्रव्याचा आहे, त्यामुळे दुसऱ्या अहवालातील ३२ हा आकडा त्या तक्त्याशी ताडल्यास जमीन विनाकारण 'भरपूर' वर्गात जाते आणि स्फुरदाची मात्रा चुकून कमी केली जाते. रकान्याचे शीर्षक पाहून घ्यावे.

उत्तर : कृषी पदवीधर, परभणी
आकड्यांचा उलगडा वरील उत्तरात झाला आहे. माझी शंका नमुन्याबद्दल आहे. माती किती खोलीवरून आणि कशाने काढली होती?

मूळ प्रश्नकर्ता
रकाने पाहिले, तसेच आहे. माती ड्रिपरजवळची, वीतभर खोलीची; ती गंजलेल्या फावड्याने काढली होती.

उत्तर : कृषी पदवीधर, परभणी
मग लोहाचा आकडा बाजूला ठेवावा, कारण गंजाचा अंश मिसळला की लोह फुगते. सूक्ष्म अन्नद्रव्यांसाठी लाकडी किंवा प्लॅस्टिकचे साधनच वापरावे. ड्रिपरखाली खत साचलेले असते, तेथील माती संपूर्ण बागेची प्रतिनिधी ठरत नाही. फळबागेत ०-३०, ३०-६० आणि ६०-९० सेंटिमीटर असे थर वेगवेगळे घ्यावेत. मुख्य म्हणजे मुक्त चुनखडी (मातीतील कॅल्शियम कार्बोनेट) तपासून घ्यावी. ती १० टक्क्यांच्या वर असेल तर लोह मातीत असूनही मोसंबीला मिळत नाही आणि आपण वर्णन केलेली पिवळी पाने दिसतात. वरचा थर चांगला आणि खाली चुनखडीचा थर, असे काळ्या जमिनीत पुष्कळदा आढळते. वीतभर मातीत ते कळत नाही.

अशा जमिनीत फेरस सल्फेट (लोहाचे खत) नुसते मातीत टाकणे म्हणजे पैसे जमिनीत गाडणे होय. ईडीटीए या चिलेट (लोहाला धरून विद्राव्य ठेवणाऱ्या संयुगाच्या) स्वरूपातील लोहही या सामूला मातीत टिकत नाही, ईडीडीएचए या दुसऱ्या चिलेटच्या स्वरूपातील टिकते. मात्र ते महाग असल्याने चुनखडीचा अहवाल हाती येईपर्यंत खरेदी करू नये.