'देवमाणूस' बघताना तुमच्या घरात काय झालं?

सुरंगी, दापोली
'देवमाणूस' ही मालिका सुरू झाली ३१ ऑगस्ट २०२० ला. दुसऱ्या दिवशी अनंत चतुर्दशी. त्या वर्षी चाकरमानी आधी विलगीकरणात बसून मग घरात शिरलेले, त्यामुळे परतायची कुणाला घाई नव्हती. निसर्ग वादळात उडालेली डिशची छत्री काकाने नुकतीच जागेवर बसवलेली. रात्री साडेदहाला भजन उरकून अठरा माणसं एका टीव्हीसमोर. डॉक्टर गोड बोलायला लागला की आजी पुटपुटायची, "इतकं गोड कोण बोलतं फुकट?" मग आतेभावाने फोनवर शोधून सांगितलं की हे खरं घडलंय, वाईजवळच्या धोमला. अठरा माणसं गप्प.

मालिकेतली कातळवाडी बनावट. मूळ प्रकरण, म्हणजे धोमच्या डॉक्टरने माणसं मारून पुरल्याचं, उघडकीला आलं ऑगस्ट २०१६ मध्ये. पोलिसांच्या म्हणण्यानुसार २००३ पासून सहा खून. खरं आहे हे कळल्यावर तुमचं बघणं बदललं का? आपल्या कोकणातल्या घराघरांतलं लिहा. अभिनय कसा होता वगैरे नको, ते ढीगभर झालंय.

शिरोड्याचा पोरगा
खरं सांगू? आम्ही मालिकेतल्या सरू आजीच्या शिव्या आणि म्हणी ऐकायला बसायचो. खून आला की जेवायला उठायचो.

वाडीवाला, गुहागर
माझं नारळी-पोफळीचं काम. माडाच्या रोपाला खड्डा लागतो तीन फूट लांब, तीन रुंद, तीन खोल. तळाला रेती, वर शेणखत, मूठभर मीठ. त्या सप्टेंबरात पावसाचा जोर ओसरल्यावर सात खड्डे मारले. बायको पडवीतून रोज विचारायची, "आज कोणाचा नंबर?" गडीही हसायचे, मीही हसायचो. एका संध्याकाळी धाकटी मुलगी वाडीत यायला तयार होईना. कंदील घेऊन सातही खड्डे दाखवले, एकेका खड्ड्यात स्वतः उतरून. तेव्हापासून घरात तो विनोद बंद.

सेविका, राजापूर
मी अंगणवाडीत आहे. जून २०१६ मध्ये वाईतून ज्या बाई बेपत्ता झाल्या, त्या आमच्यासारख्यांच्याच संघटनेच्या. त्यांचा शोध घेता घेताच बाकीचं सगळं बाहेर आलं. आमच्या मासिक बैठकीत पोषण आहाराचे तक्ते बाजूला ठेवून आम्ही त्यांच्यासाठी उभ्या राहिलो होतो. चार वर्षांनी मालिका आली तेव्हा वाडीतल्या बायका मला विचारायच्या, "ताई, तो खरा डॉक्टर दिसायला कसा होता गं?" बाईंबद्दल एकीनेही विचारलं नाही.

निवृत्त तलाठी, चिपळूण
टीव्हीवर आरोपीने कबूल केलं की गोष्ट संपते. खरं काम तिथून पुढे. पोलिसांपुढे दिलेला कबुलीजबाब कोर्टात चालत नाही, जुन्या पुरावा कायद्याचं कलम २५. पण त्याने सांगितल्यावरून जे सापडतं, तेवढ्यापुरतं त्याचं बोलणं चालतं, कलम २७. म्हणून खड्ड्याला महत्त्व. धोमच्या खटल्यात त्या डॉक्टरबरोबरची नर्स माफीची साक्षीदार झाली, त्यावर आमच्या पारावर भांडणं झाली होती. लोकांना राग येणारच. पण आतलं माहीत असलेलं दुसरं माणूस आणणार कुठून?

नोकरीत असताना अशा एका उकरण्याला मी हजर होतो. गाव सांगत नाही. तहसीलदार छत्री धरून, सरकारी डॉक्टर, फोटोग्राफर, दोन पंच. आमच्याकडे हातभर गेलं की जांभा लागतो आणि पहार खणखणते. तिथे खणखणली नाही, मऊ आत गेली. पहारवाल्याने आमच्याकडे बघितलं आणि काही न बोलता पहार खाली ठेवली. पुढचं सगळं खुरप्याने. माती वाळूच्या चाळणीतून चाळली. हिरव्या काकणाचा अर्धा तुकडा निघाला. पंचनाम्यावरची माझी सही पावसाने फिसकटली म्हणून दुसऱ्यांदा केली. सकाळी नऊपासून दुपारी तीनपर्यंत कोणी मोठ्याने बोललं नाही. मालिकेत हेच दोन मिनिटांत आटपतं, वर ढोल.

परिचारिका, रत्नागिरी
सगळेच नावं ठेवताहेत म्हणून लिहिते. आमच्या गावात एक जण पंधरा वर्षं सुया टोचत होता. डिग्रीची चौकट भिंतीवर, पण इतकी उंच की वाचता येऊ नये. मालिका चालू असताना एका म्हातारीने त्याला सरळ विचारलं, "तू त्या मालिकेतल्या देव डॉक्टरसारखा नाहीस ना? तुझा सरकारी नंबर काय तो दाखव." वैद्यक परिषदेचा नोंदणी क्रमांक म्हणायचा होता तिला. शिमग्याच्या आत त्याने गाशा गुंडाळला. मी इतकी वर्षं सांगून जे झालं नाही, ते मालिकेने केलं.

नाव नको, मालवण तालुका
आमच्या घरची केस टीव्हीवर आली होती. 'देवमाणूस' नव्हे, एका हिंदी गुन्हे मालिकेत, एकच भाग. आधी कोणी विचारलं नाही, नंतरही कोणी काही कळवलं नाही. शेजारच्या काकांचा फोन आला, "टीव्ही लावा, तुमचां दाखवतत." आई चुलीवरून हात पुसत आली.

नाव बदललेलं, गाव बदललेलं. घर पांढरंशुभ्र, मागचे डोंगर भलतेच. आत्या झालेली नटी सोन्याने मढलेली. आमच्या आत्याकडे कुड्यांची एक जोडी, तीही पतसंस्थेत गहाण. मारणारा कसा, तर घारे डोळे, आणि तो आला की संगीत. आम्हाला माहीत असलेला माणूस तोतरा होता आणि आमच्याकडे गणपतीच्या आरतीला टाळ वाजवायचा. बाबा मध्येच उठून गोठ्याकडे गेले.

एका दृश्यात नटी विहिरीवर जाते. कळशी उचलायच्या आधी पदराचं टोक दातात धरते. आत्या अगदी तस्सं करायची. आईने माझा दंड धरला. "ह्यां तेंका कोणी सांगल्यान?"

तो भाग अधूनमधून परत लागतो. आई विहिरीपर्यंत बघते आणि टीव्ही बंद करते.

सुरंगी, दापोली
नाव नको, तुम्ही लिहिलंत, बरं केलंत. आजीला वाचून दाखवत होते, विहिरीशी थांबले.

शिरोड्याचा पोरगा
रागावू नका, पण कळशी उचलताना पदर दातात आमच्याकडे सगळ्याच बायका धरतात. योगायोग असेल.

नाव नको, मालवण तालुका
असेल. आईला सांगत नाही.