दाखल्यावर आईचं नाव आलं, पण दिवसभर बाळाला सांभाळायचं कोणी?

(सोसायटीच्या ग्रुपवरच्या गप्पा)

सी-२०३: बाळाचा जन्मदाखला आज मिळाला. आधी बाळाचं नाव, मग माझं, मग ह्यांचं, शेवटी आडनाव. १ मे २०२४ पासून जन्मलेल्यांना महाराष्ट्रात आता सरकारी कागदांवर हाच क्रम. कितीतरी वेळ नुसती बघत बसले.

ए-१०१ (आजी): अभिनंदन गं! माझ्या मुलांच्या शाळेत माझी सही चालायची नाही. "वडिलांना पाठवा" म्हणायचे.

सी-२०३: थँक्यू आजी. पण रजा पुढच्या सोमवारी संपतेय. २६ आठवडे पगारी मिळाली. २०१७ च्या आधी १२ च मिळायची, म्हणून कृतज्ञ आहेच. पुढे बाळाला ठेवू कुठे? पाळणाघराची सक्ती ५० किंवा जास्त माणसं असतील तिथेच, आमच्या ऑफिसात २२.

डी-५०२: आमच्याकडे पाळणाघर आहे. दिवसातून चारदा बाळाकडे जायची मुभाही आहे. पण गर्दीच्या लोकलमधून सहा महिन्यांचं बाळ न्यायचं कसं? दोन दिवसांत सोडून दिलं. पाळणाघर घराजवळच हवं.

बी-४०४: खाजगी नोकरीत वडिलांना रजा द्यायची कायद्याने सक्ती नाही. केंद्र सरकारी असतो तर १५ दिवस मिळाले असते. मुलीला ताप आला की शाळेतून फोन मात्र बायकोलाच जातो. माझा नंबर पहिला द्यायला हवा होता, उद्याच बदलतो.

ए-१०१ (आजी): आणि आपल्याकडे भांडी घासायला येते ती? बाळ सव्वा महिन्याचं झालं नाही तोच कामावर हजर. सुट्टी घे म्हटलं तर म्हणाली, "आजी, घरं दुसरीला गेली तर परत मिळतील का?" घरकामाला हा रजेचा कायदा लागतच नाही.

सी-२०३: तिची घरं आपणच आहोत ना? तीन महिने पगारी सुट्टी आपण चार घरं मिळून देऊ शकतो. मातृवंदना योजनेत पहिल्या बाळाला ५,००० रुपये मिळतात. अंगणवाडीत नाव नोंदवलंय का विचारते, नसेल तर सोबत जाईन.

सेक्रेटरी: पाळणाघरासाठी क्लबहाऊसमागची खोली देता येईल. पण जबाबदारी कोणाची, ते आधी ठरवा. रविवारच्या सभेत विषय घेतो, लेखी अर्ज द्या.

सी-२०३: आज रात्रीच लिहिते. तिचं बाळही त्याच खोलीत राहील, हे अर्जात घालतेय.

ए-१०१ (आजी): घाल. आणि पहिली सही माझी घे. सकाळी अकराच्या आत ये.