'दॅट वॉज द वीक दॅट वॉज'मधे कॅमेरे का दिसतात?

जुनाटीव्ही: मंडळी, बीबीसीच्या या शोच्या काही क्लिप्स बघितल्या, १९६२-६३ चा, बातम्यांची टर उडवणारा, डेव्हिड फ्रॉस्ट सूत्रसंचालक असलेला. मधेच फ्रेममधे अख्खा कॅमेरा दिसतो, मागे पब्लिक बसलंय. राहून गेलेली चूक आहे की मुद्दाम? आणि एवढा गाजत होता तर वर्षभरात बंद का केला?

रातजागर: मुद्दाम. प्रोड्युसर नेड शेरिनला स्टुडिओ लपवायचाच नव्हता. शनिवारी रात्री उशिरा, लाइव्ह, त्याच आठवड्याच्या बातम्यांवर, गायिका मिलिसेंट मार्टिनच्या सुरुवातीच्या गाण्याचे शब्दसुद्धा दर वेळी नवे. लाइव्ह म्हणजे किती लाइव्ह, तर शोमधला समीक्षक बर्नार्ड लेव्हिन बोलत असताना एक माणूस उठून आला आणि लेव्हिनने आपल्या बायकोच्या शोवर वाईट लिहिलं म्हणून त्याला ठोसा मारला, ते सगळं थेट घराघरात दिसलं.

मधलीओळ: मला सगळ्यात आवडतं ते गप्प खासदारांचं स्केच. कोण किती वर्षं सभागृहात एक शब्द बोललेला नाही, त्यांची नावं सरळ वाचून दाखवली, बस. नक्कल नाही, सोंग नाही, नुसती खरी माहिती, आणि तीच इतकी झोंबली की पार्लमेंटमधे तक्रार झाली. सटायर असं पाहिजे, माहिती पक्की असली की आवाज चढवावा लागत नाही.

रातजागर: बंद करण्याचं बीबीसीने दिलेलं कारण म्हणजे १९६४ हे निवडणुकीचं वर्ष. २८ डिसेंबर १९६३ ला शेवटचा भाग. त्याआधी शो ठरलेल्या वेळेपेक्षा लांबायचा, तो लांबू नये म्हणून त्याच्या लगेच नंतर 'द थर्ड मॅन' मालिकेचे जुने भाग लावले, तर फ्रॉस्ट त्याची गोष्ट आधीच सांगून टाकायचा! शेवटी ते भाग काढले.

मधलीओळ: आणि २३ नोव्हेंबर १९६३ चा भाग नक्की बघ. केनेडींची हत्या आदल्या दिवशीची. सगळी स्केचेस बाजूला ठेवली, एकही विनोद नाही, तीच माणसं साधेपणाने बोलतात आणि मार्टिन गाते. एका दिवसात उभा केलेला भाग आहे, मला दर वेळी भरून येतं.

जुनाटीव्ही: थँक्यू दोघांना. आज रात्री हाच लावतो, मग गप्प खासदार.