गाईडनं बोट दाखवलं आणि दिसलं : मध्ययुगीन शहरांतल्या पायी सफरींचे अनुभव

धागा काढायचं निमित्त यॉर्क. इंग्लंडमधल्या या तटबंदीच्या शहरात मी तीन दिवस होते. पहिला दिवस हातात नकाशा घेऊन एकटीच हिंडले. एका बागेत जुन्या बुरुजासमोरच्या हिरवळीवर अर्धा तास बसले, फोटो काढले, उठले.

दुसऱ्या दिवशी स्वयंसेवक गाईडांच्या सफरीत गेले. १९५१ पासून ही मंडळी लोकांना शहर फिरवून दाखवतायत, तेही पैसे न घेता. आमच्या गाईडबाई सत्तरीच्या असतील. त्या नेमक्या त्याच बुरुजापाशी थांबल्या आणि म्हणाल्या, "आधी खालचे दगड बघा, मग वरचे."

खालचे दगड लहान, एका मापाचे, नीट रांगेत बसवलेले, आणि मधून गेलेला लाल विटांचा पट्टा. वरचे दगड मोठाले, त्यांत क्रुसाच्या आकाराच्या बाण मारायच्या फटी. खालचा भाग रोमन, वरचा मध्ययुगीन. मध्ये सुमारे हजार वर्षं. मी आदल्या दिवशी अर्धा तास ज्याच्याकडे बघत होते ती एक भिंत नव्हतीच, दोन होत्या!

मग शहर उलगडतच गेलं. यॉर्कमध्ये 'गेट' म्हणजे रस्ता, कारण तो शब्द व्हायकिंगांच्या भाषेतून आला. आणि वेशीला म्हणायचं 'बार'. शॅम्बल्स या खाटकांच्या जुन्या गल्लीत दुकानांच्या दर्शनी भागावर मांस टांगायचे लोखंडी आकडे अजून आहेत. वरचे मजले रस्त्यावर इतके पुढे झुकलेले की समोरासमोरच्या खिडक्यांतून हात मिळवता येतील असं वाटतं. अरुंद गल्लीत ऊन कमी, म्हणून मांस टिकायचं.

तर सगळ्यांना आमंत्रण. गाईडबरोबर पायी फिरताना, त्यानं दाखवली म्हणूनच दिसली अशी एखादी गोष्ट सांगा. वाईट अनुभवही लिहा, पुढच्याला उपयोग होतो.

रोथेनबुर्ग, जर्मनी

मी सह्याद्रीत भटकणारा माणूस, त्यामुळे माझा अनुभव दरवाजाचाच.

किल्ल्याच्या बाजूची वेस आहे, बुर्गटोर. दोन मोठी फळ्या-खिळ्यांची दारं, आणि त्यांतल्या एका दारात एक छोटं दार. गाईड म्हणाला, रात्री वेस बंद झाली की उशिरा आलेल्याला यातून घ्यायचे. एका वेळी एकच माणूस, तोही वाकून, त्यामुळे शत्रूला घोळक्यानं घुसता यायचं नाही. या छोट्या दाराला ते सुईचं नेढं म्हणतात. मी त्याला सांगितलं की आमच्याकडे याला दिंडी दरवाजा म्हणतात, आणि नेढं म्हणजे आमच्याकडे डोंगराच्या कातळाला पडलेलं आरपार भोक. तो थांबला, वही काढली आणि दोन्ही शब्द लिहून घेतले. नंतर तटावर चढताना त्यानं मला परत उच्चार विचारला.

त्याच वेशीवर एक दगडी मुखवटा आहे. त्याच्या तोंडातून खाली उकळता राळ-डांबर ओतायची सोय होती.

आणखी एक. तटावरून चालताना आतल्या बाजूला नावं कोरलेल्या छोट्या पाट्या दिसतात. मार्च १९४५ च्या बॉम्बवर्षावात शहराचा मोठा भाग पडला होता, तटबंदीही ढासळली होती. जगभरच्या लोकांनी मीटरवर पैसे देऊन ती परत बांधून घेतली, ही त्यांची नावं. गाईड स्वच्छ सांगत होता, "इथून तिथपर्यंत विसाव्या शतकातलं आहे, त्यापुढचं जुनं." मला ते फार आवडलं. सगळंच जुनं म्हणून खपवणारे गाईडही मी पाहिलेत.

सिएना, इटली

हे थोडं लांबेल, पण लिहायचंच आहे.

बाबांना घेऊन गेले होते. ते आयुष्यभर बांधकाम खात्यात होते, देवळं-चर्चं यांत त्यांना रस नव्हता, पण बांधकामात होता. गाईडनं आम्हाला कॅथेड्रलच्या बाजूच्या एका मोकळ्या चौकात उभं केलं आणि विचारलं, "आपण कुठे उभे आहोत?" कोणी म्हणालं चौकात, कोणी म्हणालं गाड्या लावायच्या जागेत. तो म्हणाला, "तुम्ही चर्चच्या आत उभे आहात."

मग त्यानं बोट वर केलं. चौकाच्या टोकाला एक प्रचंड भिंत एकटीच उभी. कमानी आहेत, मोठ्या खिडकीची चौकट आहे, आणि त्या चौकटीत निळं आकाश. मागे काही नाही.

१३३९ मध्ये सिएनाच्या लोकांनी ठरवलं की आहे त्या कॅथेड्रलला नव्या प्रचंड कॅथेड्रलचा फक्त आडवा हात करायचा. म्हणजे आज जे भव्य वाटतं ते त्या आराखड्यात एक बाजू होणार होतं. काम सुरू झालं, खांब उभे राहिले, कमानी झाल्या. १३४८ मध्ये प्लेग आला. शहरातली निम्मी माणसं तरी गेली. गवंडी गेले, पैसा आटला. उभारलेल्या भागात दोषही निघाले, आणि काही वर्षांनी काम कायमचं थांबलं. एका बाजूच्या कमानी भिंती घालून बुजवल्या, आता तिथं संग्रहालय आहे.

बाबा त्या भिंतीजवळ गेले. संग्रहालयाच्या भिंतीत अर्धे गाडले गेलेले काळ्या-पांढऱ्या पट्ट्यांचे खांब आहेत, त्यांतल्या एकावर हात ठेवून उभे राहिले. गाईड ग्रुपला घेऊन पुढे गेला नाही, थांबला. बाबांनी विचारलं, "पाया खचला होता का?" गाईड म्हणाला, खांब भार पेलण्याइतके भक्कम नव्हते असं तेव्हाच्या जाणकारांनी कळवलं होतं. बाबा म्हणाले, "म्हणजे प्लेग आला नसता तरी पडलं असतं." आणि मग बराच वेळ काही बोलले नाहीत. संध्याकाळी हॉटेलवर कागद घेऊन त्यांनी ते कॅथेड्रल पूर्ण झालं असतं तर कसं दिसलं असतं याचा आराखडा काढला. तो कागद माझ्याकडे आहे. बाबा आता नाहीत.

काम्पो चौकाबद्दल एकच ओळ: विटांच्या फरसबंदीचे नऊ भाग मोजायला विसरू नका. तेव्हाच्या नऊ जणांच्या कारभारी मंडळाची ती खूण आहे.

फेझ, मोरोक्को

वाईट अनुभवही लिहा म्हटलंय म्हणून.

पहिल्या दिवशी वेशीपाशी एक जण भेटला, गोड बोलला, आम्ही त्याच्या मागे निघालो. तीन तासांत पाच दुकानं. गालिचे, चामडं, अत्तर, परत गालिचे. प्रत्येक ठिकाणी बसवायचं, आणि नको म्हटलं की चेहरा पडायचा. शहर पाहिलंच नाही. ताई, राग यापेक्षा वाईट याचं वाटलं की आम्ही हजार-बाराशे वर्षं जुन्या शहरात होतो आणि फक्त दुकानांच्या आतल्या भिंती बघितल्या.

दुसऱ्या दिवशी अधिकृत बिल्ला असलेला गाईड घेतला आणि निघायच्या आधीच स्पष्ट सांगितलं, खरेदी नाही. तो म्हणाला, "मग आज डोळ्यांपेक्षा कान वापरा." गल्ल्या इतक्या चिंचोळ्या की गाडी येऊच शकत नाही, माल गाढवांवरून आणि खेचरांवरून येतो. मागून "बालाक! बालाक!" ओरडलं की भिंतीला चिकटायचं. बालाक म्हणजे सांभाळा. मग ठोक-ठोक ऐकू यायला लागलं, वळणागणिक मोठं होत गेलं, आणि आम्ही सफ्फारीन चौकात पोचलो. तांबट बसलेले, हातोडे चाललेले. त्याला लागूनच करावियीन, ८५९ सालची मशीद आणि विद्यापीठ. मुस्लिमेतरांना आत प्रवेश नाही, दारातून अंगण दिसतं तेवढंच.

मौलाय इद्रिस या इथल्या संताच्या समाधीकडे जाणाऱ्या गल्लीत छातीच्या उंचीवर एक आडवं लाकूड लावलंय. मी आदल्या दिवशी त्याखालून वाकून गेलो होतो, काहीतरी दुरुस्ती चालली असेल असं समजून. गाईडनं सांगितलं, इथून पुढे पवित्र हद्द. जनावरांनी पुढे जायचं नाही आणि माणसानं वाकून जायचं. शेकडो वर्षांच्या हातांनी आणि खांद्यांनी ते लाकूड गुळगुळीत झालंय.

सल्ला: बिल्ला विचारा, वेळ ठरवा, खरेदीचं आधीच बोला.

प्राग

माझं थोडक्यात. जुन्या शहरातल्या एका घराच्या तळघरात गाईडनं नेलं आणि दाराची चौकट, खिडकी दाखवली. तळघराला खिडकी कशाला? तर ते तळघर नव्हतंच, तळमजला होता. नदीच्या पुरांमुळे तेराव्या शतकात भर घालून रस्त्यांची पातळी वर घेतली आणि जुने तळमजले जमिनीखाली गेले. वर आल्यावर रस्त्यावर पाय ठेवताना मला वेगळंच वाटलं.

दुसरी गोष्ट घरांवरच्या खुणा. १७७० मध्ये घरांना क्रमांक मिळाले. त्याआधी पत्ता म्हणजे दोन सूर्यांचं घर, तीन व्हायोलिनांचं घर. खुणा अजून दारांवर आहेत.

अहमदाबाद

मध्ययुगीन म्हटलं की सगळे युरोपात का जातात? १४११ मध्ये वसलेलं अहमदाबाद घ्या. २०१७ मध्ये भारतातलं पहिलं जागतिक वारसा शहर ठरलं. महापालिकेची सकाळची पायी सफर १९९७ पासून चालू आहे; काळुपूरच्या स्वामिनारायण मंदिरापासून निघते आणि जामा मशिदीत संपते.

पोळ म्हणजे एकाच दरवाजाची वस्ती, दरवाजावर राखणदाराची खोली. एका पोळीतून गाईडनं आम्हाला कोणाच्या तरी घराचा वाटेल असा दरवाजा ढकलून आत नेलं, आणि आम्ही दुसऱ्याच पोळीत बाहेर पडलो. दंगा-लढाईत सटकायला ठेवलेली वाट. आम्ही सगळे परत मागे जाऊन दुसऱ्यांदा त्यातून आलो. चौकाचौकांत खांबावर नक्षीदार चबुतरे, पक्ष्यांना दाणे घालायला. झाडं तोडून घरं केली तर पक्ष्यांची सोय करायला हवी, असं गाईड म्हणाली. एका घराच्या अंगणात तिनं तांब्याचं झाकण उचललं, खाली पावसाचं पाणी साठवायचं टाकं. आत डोकावलं तर आपलाच चेहरा.

१८१७ पर्यंत पेशवे आणि गायकवाड यांचा इथं कारभार होता, तेव्हा मराठी माणसानं हे शहर परकं समजू नये. शेवटी १४२४ ची जामा मशीद. मधल्या कमानीच्या दोन्ही बाजूंना मिनारांचे बुंधे आहेत, वरचे भाग १८१९ च्या भूकंपात पडले. नुसतं बघितलं तर ते खांब वाटतात.

टॅलिन, एस्टोनिया

गुडघे दुखणाऱ्यांसाठी लिहिते. आईला घेऊन गेले होते, वय अडुसष्ट. जुन्या शहरांत फरसबंदी गोट्यांची असते. सपाट तळव्याचे, जाड सोलचे बूट हवेतच. पावसात गोटे साबणासारखे निसरडे होतात. बुकिंग करतानाच चढ किती, पायऱ्या किती, मध्ये बसायला मिळेल का हे विचारा. आमच्या गाईडनं विचारल्याबरोबर वाट बदलली. खालच्या शहरातून वरच्या शहरात जायला दोन वाटा आहेत, एकीचं नाव लांब पाय, दुसरीचं आखूड पाय. आखूड पाय पायऱ्यांचा, म्हणून आम्हाला लांब पायानं नेलं.

तटाच्या एका उंच बुरुजाचं नाव आहे 'स्वयंपाकघरात डोकाव'. पहारेकऱ्यांना वरून खालच्या घरांची स्वयंपाकघरं दिसायची म्हणे! त्याच बुरुजाच्या भिंतीत १५७७ च्या वेढ्यातले तोफगोळे अजून रुतलेले आहेत. गाईडनं दाखवेपर्यंत मी त्यांना सजावट समजत होते. आईनं सगळे मोजले.

कार्कासोन, फ्रान्स

धाग्याच्या सुरुवातीचा यॉर्कचा बुरूज वाचला आणि लिहायला बसलो.

माझ्या बायकोला दिसत नाही. अशा सफरींत गाईड बहुतेक वेळा तिच्याऐवजी माझ्याशी बोलतात. कार्कासोनला दुहेरी तटबंदी आहे, आतला तट आणि बाहेरचा तट, आणि मध्ये गवताची मोकळी पट्टी. आमच्या गाईडनं सुरुवातीलाच तिला विचारलं, "तुम्हाला भिंत वाचायचीय का?" आणि तिचा हात धरून तो मुख्य वेशीपाशी घेऊन गेला. तिथले दगड मधोमध फुगीर आहेत, कडा सपाट आणि मध्ये उंचवटा. तेराव्या शतकाच्या अखेरीला राजाच्या माणसांनी बांधलेलं काम. तिनं एकेका दगडावरून हात फिरवला, जणू पाव आहेत.

मग मधल्या पट्टीत. तिथं आतल्या तटाच्या काही भागात बारके दगड आणि मध्येच विटांचे थर. रोमन काळाच्या अखेरचं काम. गाईड म्हणाला, बोटांनी वर-खाली जा, वीट लागली की सांगा. दगड खरखरीत, गार. वीट मऊसर, आणि उन्हात जरा जास्त तापलेली. एकोणिसाव्या शतकात दुरुस्ती झाली, १८५३ पासून. तेव्हाचे दगड त्यानं वेगळे हाताला दिले, नीट कापलेले, कडा अजून धारदार. टोकदार छपरं तिला हाताला लागणं शक्य नव्हतं, म्हणून त्यानं स्लेटचा एक तुकडा खिशातून काढून तिच्या तळहातावर ठेवला.

ग्रुपमधले बाकीचे आधी लांब उभे होते. हळूहळू सगळे भिंतीशी आले. एका लहान मुलीनं डोळे मिटून भिंत चाचपायला सुरुवात केली, मग तिच्या आईनं. दहा-बारा माणसं डोळे मिटून भिंतीवर हात फिरवत होती.

सफर संपत आली होती. एका कोपऱ्यावर गाईड पुढच्या बुरुजाविषयी बोलायला तोंड उघडणार, तेवढ्यात बायकोनं भिंतीवर पंजा टेकवला, अंगठा थोडा वर सरकवला आणि म्हणाली, "थांबा. इथं वीट आहे. ही जुनी."